त्याच त्या मोटारी

सॅन फ्रान्सिस्कोच्या मार्केट स्ट्रीटवर १९०६ साली घेतलेला एक मूकपट आम्ही आजवर किती वेळा पाहिला, याची मोजदाद आमच्यापाशी नाही. ‘अ ट्रिप डाउन मार्केट स्ट्रीट’ हे त्याचे नाव. लांबी सुमारे १३ मिनिटे. त्यात कथा नाही, पात्रे नाहीत, मध्येच येऊन काही सांगणाऱ्या अक्षरपाट्याही नाहीत. माइल्स बंधूंनी केबल-गाडीच्या अगदी पुढच्या टोकाला कॅमेरा बसविला आणि आपल्या स्टुडिओपासून, म्हणजे आठव्या रस्त्याच्या आसपासून, बंदरावरच्या फेरी बिल्डिंगपर्यंत गाडी नेली, एवढेच. ही गाडी जमिनीखालून अखंड फिरणारा पोलादी दोर पकडून चालत असे. तिला घोड्याचे हिसके नव्हते की इंजिनाची धडधड नव्हती. इतके शांत आणि एकसारख्या गतीचे वाहन कॅमेऱ्याला त्या काळी दुसरे क्वचितच मिळाले असते.

पडद्यावर जे दिसते ते मात्र शांत नाही. रस्ता सगळ्यांचा आहे आणि कुणाचाच नाही. टोप्या घातलेले गृहस्थ वाटेल तिथून वाटेल तसे रस्ता ओलांडतात. मालाचे छकडे आडवे येतात. सायकलवाला दोन ट्रामच्या मधून निसटतो. लहान मुले गाडीपुढे धावत येतात आणि कॅमेऱ्याकडे वळून पाहतात. कुणी घाईत नाही, कुणी घाबरलेलेही नाही. आणि या सगळ्या गर्दीतून मोटारी धावत असतात. एक उजवीकडून येते, एक डावीकडून कापत जाते, मागोमाग तिसरी. १९०६ साली या शहरात एवढ्या मोटारी होत्या, याचे पहिल्यांदा पाहणाऱ्याला नवल वाटते. आम्हालाही वाटले होते.

पुढे कधीतरी कुणीतरी चिकाटीने या मोटारी मोजायला बसले, आणि नवलाचे कारण वेगळेच निघाले. पडद्यावरच्या जवळजवळ सर्व मोटारी त्याच त्या आहेत. केबल-गाडीला वळसा घालायचा, मागून फिरून पुन्हा कॅमेऱ्यासमोर यायचे, पुन्हा वळसा घालायचा. एका मोटारीने तर अशा दहा फेऱ्या केल्या आहेत. त्या काळी सॅन फ्रान्सिस्कोत मोटार ही अपूर्वाईचीच वस्तू होती. रस्ता घोड्यांचा होता. शहर भरभराटीचे आणि आधुनिक दिसावे म्हणून निर्मात्यांनी चार-दोन मोटारींचा ताफा करून घेतला असला पाहिजे. आपल्याकडच्या नाटक कंपन्यांत मोजके लोक राजवाड्यामागून फिरून पुन्हा रंगभूमीवर येत आणि सैन्य अपार असल्याचा भास होई, त्यातलाच हा प्रकार.

हे कळल्यावर फसवणूक झाल्याचा राग यावा, तसा आम्हाला आला नाही. उलट तेव्हापासून हा मूकपट आम्हाला अधिक वाचनीय वाटू लागला. वाचनीय हा शब्द आम्ही जाणूनबुजून वापरतो. सुरुवातीच्या काळातले प्रवासपट आपण बहुधा खिडकीसारखे पाहतो: पलीकडे गेलेला काळ जसाच्या तसा उभा आहे, आपण फक्त डोकवायचे. पण ज्या वस्तूला आपण पुरावा म्हणतो तीही कुणीतरी, कुणासाठी तरी, काही हेतूने रचलेली असते. साहित्याच्या विद्यार्थ्याला हे बखरीच्या बाबतीत सांगावे लागत नाही. चलच्चित्राच्या बाबतीत मात्र आपण अजून भाबडे आहोत.

गंमत अशी की ज्या मोटारींनी हा बनाव केला, त्यांनीच पुढे साक्षही दिली. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या नोंदीत हा मूकपट बराच काळ सप्टेंबर १९०५ चा म्हणून लावलेला होता. कॅलिफोर्नियातील नाइल्स येथील मूकपट संग्रहालयाचे अभ्यासक डेव्हिड कीन यांना ते पटेना. त्यांनी जुनी वृत्तपत्रे आणि हवामानाच्या नोंदी चाळल्या. चित्रात रस्त्यावर पावसाच्या पाण्याची डबकी दिसतात, आणि सप्टेंबरच्या कोरड्या दिवसांशी त्यांचा मेळ बसत नव्हता. शिवाय एका मोटारीची नंबरप्लेट वाचता येत होती. कॅलिफोर्नियात मोटारींची नोंदणी राज्याकडे होऊ लागली ती १९०५ पासून. प्लेट मालकाने स्वतःच करवून घ्यायची, सरकारने फक्त क्रमांक द्यायचा. या मोटारीला क्रमांक मिळाला होता १९०६ च्या सुरुवातीस. म्हणजे चित्रीकरण त्यानंतरचे. सगळे धागे जुळवून कीन ज्या तारखेशी पोहोचले, ती १८ एप्रिल १९०६ च्या अवघे काही दिवस आधीची होती.

१८ एप्रिलला पहाटे पाच वाजून बारा मिनिटांनी भूकंप झाला, आणि नंतरच्या आगींनी शहराचा मोठा भाग जळून गेला. मृतांची संख्या आज तीन हजारांच्या वर धरली जाते. माइल्स बंधूंचा मार्केट स्ट्रीटवरचा स्टुडिओ नष्ट झाला. चित्रफीत वाचली, कारण ती जरासे आधीच आगगाडीने न्यूयॉर्ककडे रवाना झाली होती. २०१० साली तिला अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपटसूचीत स्थान मिळाले.

म्हणजे जे दाखवायचे ठरवले होते, ती मोटारींची रेलचेल, ते खोटे निघाले. जे दाखवायचे कुणाच्या मनात नव्हते, ती डबकी आणि तो क्रमांक, त्यांनी खरे काय ते सांगितले. आरंभीचे सगळेच प्रवासपट या नजरेने पुन्हा पाहावेत असे आम्हाला वाटू लागले, आणि त्यातून जे हाती आले ते इथे मांडत आहोत.

गतिमान वाहनावर कॅमेरा ठेवण्याची कल्पना माइल्स बंधूंच्या दहा वर्षे आधीची. ल्युमिएर बंधूंचा छायाचित्रकार अलेक्सांद्र प्रोमिओ याने १८९६ साली व्हेनिसमध्ये होडीत कॅमेरा ठेवून ग्रँड कॅनॉलच्या काठाचे वाडे टिपले. कॅमेरा स्थिर आणि जग हलते, असे तोवरचे चित्र होते. इथे वाडेच सरकू लागले. १८९७ मध्ये अमेरिकेत हॅव्हरस्ट्रॉच्या बोगद्यातून जाणाऱ्या आगगाडीच्या इंजिनावरून एक फीत घेण्यात आली आणि तिच्यामागून अशा फितींची रांगच लागली. इंग्रजीत त्यांना ‘फँटम राइड’ म्हणत. भुताटकीची सफर. इंजिन चित्रात दिसत नसे, रूळ मात्र आपल्याकडे धावत येत, जणू एखादी अदृश्य शक्ती प्रेक्षकाला खुर्चीसकट ओढून नेत आहे. या फितींना कथा लागत नव्हती. कथा शिरली तीही बोगद्याच्या अंधारातूनच: ब्रायटनच्या जॉर्ज अल्बर्ट स्मिथने १८९९ साली आगगाडीच्या डब्यातील एका जोडप्याच्या चुंबनाचे छोटे दृश्य तयार केले ते अशा सफरीच्या मधोमध जोडण्यासाठी. गाडी बोगद्यात शिरते, डब्यात चुंबन, गाडी बाहेर पडते. चित्रपटाच्या संकलनकलेच्या इतिहासात या जोडणीला मोठे स्थान आहे. पण हा विषय स्वतंत्र लेखाचा, इथे नको.

या सफरींचा कळस म्हणजे ‘हेल्स टूर्स’. कॅन्सस सिटीच्या अग्निशमन दलाचे निवृत्त प्रमुख जॉर्ज हेल यांनी १९०५ मध्ये आगगाडीच्या डब्यासारखेच एक चित्रपटगृह उभारले. तिकीट तपासणारा गणवेशातला माणूस, बाके, समोर पडदा. पडद्यावर इंजिनावरून घेतलेली दृश्ये. डबा खालून हलविला जाई, चाकांचा खडखडाट होई. प्रेक्षक काही सेंट देऊन आल्प्स पाहून घरी जेवायला परत येई. पुढे पॅरामाउंटचे सर्वेसर्वा झालेले अडॉल्फ झुकर आरंभी याच धंद्यात होते. आज याला कुणी पोरखेळ म्हणेल. आम्ही म्हणणार नाही. ज्याला आयुष्यात लांबच्या गाडीचे तिकीट काढणे शक्य नव्हते, त्याला या डब्याने काही मिनिटे प्रवाशाची जागा दिली, आणि ती जागा वाहनाच्या अगदी पुढची, जिथून खराखुरा प्रवासी कधी पाहत नाही.

मोटारगाडी आणि चलच्चित्र ही दोन भावंडे जवळपास एकाच वेळी पायावर उभी राहिली. पॅरिसमध्ये ल्युमिएर बंधूंचा तिकीट लावून पहिला खेळ झाला तो २८ डिसेंबर १८९५ रोजी. फेब्रुवारी १८९६ मध्ये ते लंडनला पोहोचले. त्याच वर्षी १४ नोव्हेंबरला इंग्लंडमध्ये मोटारींवरचा एक जुना निर्बंध उठला. १८६५ च्या कायद्यानुसार रस्त्यावरच्या यांत्रिक वाहनाला गावात ताशी २ मैल आणि बाहेर ताशी ४ मैल एवढीच मुभा होती, आणि गाडीपुढे तांबडे निशाण घेऊन एक माणूस चालायचा. निशाणाची सक्ती मध्यंतरी सैल झाली होती. पुढे चालणारा माणूस मात्र १८९६ पर्यंत टिकून होता. नव्या कायद्याने तो दूर झाला. हा योगायोग आम्हाला नेहमी विचारात पाडतो. गाडीपुढचा माणूस ज्या वर्षी रस्त्यावरून हटला, त्याच सुमारास त्याच्या जागी कॅमेरा येऊन बसला. पहिला लोकांना सावध करी, दुसरा लोकांना फक्त पाहतो.

आणि हटलेल्या माणसाची गरज होती, हेही त्याच वर्षी दिसून आले होते. १७ ऑगस्ट १८९६ रोजी लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आवारात प्रात्यक्षिकासाठी फिरविल्या जाणाऱ्या एका मोटारीखाली ब्रिजेट ड्रिस्कॉल ही बाई सापडून मरण पावली. मोटारीच्या धडकेने ब्रिटनमध्ये मेलेली ती पहिली पादचारी मानली जाते.

रस्त्याच्या कडेचा हा माणूस आरंभीच्या चित्रपटांत येतो तो विनोदी फितींतून. लंडनजवळ थेम्सकाठी वॉल्टन येथे सेसिल हेपवर्थचा स्टुडिओ होता. १९०० साली हेपवर्थने ‘हाउ इट फील्स टु बी रन ओव्हर’ ही मिनिटभराचीही नसलेली फीत केली. मोकळा रस्ता. आधी एक घोडागाडी शेजारून सभ्यपणे निघून जाते, तिच्या मागे धूळ उडते. धूळ बसते न बसते तोच समोरून मोटार येते, वेडीवाकडी, थेट आपल्या अंगावर. मग काळा पडदा, त्यावर प्रश्नचिन्हे, उद्गारचिन्हे, आणि आता आईला फार आनंद होईल अशा अर्थाचे चारदोन वेडेवाकडे शब्द. पडद्यावरच्या अक्षरपाट्यांचे हे अगदी आरंभीचे उदाहरण समजतात. आमच्या दृष्टीने महत्त्वाचे ते वेगळे. भुताटकीच्या सफरीने प्रेक्षकाला वाहनाच्या पुढ्यात बसवले होते. हेपवर्थने त्याला उचलून वाहनाखाली ठेवले. कॅमेरा तोच, रस्ताही तसाच, फक्त बाजू बदलली. त्याच वर्षीच्या त्याच्या दुसऱ्या फितीत मोटारीचा स्फोट होतो, आणि काही क्षणांनी आकाशातून हात-पाय पडू लागतात. पोलीस शिपाई ते शांतपणे गोळा करून कोणते कुणाचे याची लावणी करतो. सहा वर्षांनी रॉबर्ट पॉलने काढलेल्या ‘द क्वेश्चन मार्क मोटरिस्ट’मध्ये तर मोटार शिपायाच्या अंगावरून जाते, इमारतीच्या भिंतीवर चढते, ढगांतून धावत शनीच्या कड्यावर फेरी मारते आणि छप्पर फोडून न्यायालयात पडते. पाठलाग होताच ती साळसूद घोडागाडी बनते. संकट टळले की पुन्हा मोटार. मोटारीतल्या माणसाला कायदा पकडू शकत नाही, हे रस्त्यावरच्या माणसाचे गाऱ्हाणे इतक्या हलक्या हाताने मांडलेले आम्ही अन्यत्र पाहिलेले नाही.

हेपवर्थच्या स्टुडिओचा धागा आपल्यापर्यंत येतो. १९१२ च्या आरंभी दादासाहेब फाळके लंडनला गेले, तेव्हा ‘बायस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांनी त्यांची हेपवर्थशी गाठ घालून दिली. वॉल्टनला त्यांनी चित्रनिर्मितीची पद्धत प्रत्यक्ष पाहिली आणि विल्यम्सन कॅमेरा घेऊन ते परतले. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ चा. फाळक्यांनी अर्थात पुराणकथा निवडल्या, मोटारी नव्हेत. पण कॅमेऱ्याच्या युक्तीने माणूस नाहीसा करायचा, तुकडे करायचे आणि पुन्हा जोडायचे, ही विद्या वॉल्टनमध्ये मोटारीच्या थट्टेतून तयार झालेली होती, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

याच थट्टेची एक फ्रेंच फीत आमच्या मनात मात्र सलत राहते. १९०५ साली जॉर्ज मेलिएसने ‘पॅरिस ते माँटे कार्लो दोन तासांत’ अशा आशयाच्या नावाची फीत केली. फोली बेर्झेर या नाट्यगृहातील करमणुकीच्या प्रयोगासाठी ती मुळात तयार झाली होती. तिच्यात थट्टा आहे बेल्जियमचा राजा दुसरा लिओपोल्ड याची. त्याला मोटारीचा नाद होता, आणि त्याची मोटार वाटेत कुणाकुणाला धडका देत जाते, असा एकूण मामला. पॅरिसमधून निघतानाच एक शिपाई चाकाखाली सापडून कागदासारखा चपटा होतो. लोक धावून येतात, टायरमध्ये भरावी तशी पंपाने त्याच्यात हवा भरतात, तो फुगतो, आणखी फुगतो, आणि फुटतो. प्रेक्षक पोट धरून हसत असतील. (रस्त्यावरची धूळ बसविण्यासाठी डांबर ओतण्याचा प्रयोग याच सुमारास, १९०२ मध्ये, मोनॅकोतच एका स्विस डॉक्टराने केला होता. म्हणजे राजा ज्या दिशेने निघाला तिथला रस्ता तरी त्याच्या स्वागताला सज्ज होत होता.)

हाच लिओपोल्ड १८८५ पासून १९०८ पर्यंत काँगो फ्री स्टेटचा मालक होता. राजा म्हणून नव्हे, व्यक्तिशः मालक. तिथल्या रानातून रबर निघे. हवेने भरलेले टायर आल्यापासून रबराला सोन्याचा भाव आला होता. आधी सायकलींसाठी, विजेच्या तारांच्या वेष्टनासाठी, आणि मग मोटारींसाठी. गावागावाला रबराचा ठरावीक भरणा लावून दिलेला असे. भरणा कमी पडला की बायका-मुले ओलीस धरत, गावे जाळत, माणसे मारत. आणि खर्चलेल्या काडतुसांचा हिशेब म्हणून मेलेल्यांचे, कधी जिवंतांचेही, हात तोडून आणत. १९०४ मध्ये रॉजर केसमेंटचा अहवाल प्रसिद्ध झाला, तेव्हा हे जगासमोर आले.

आता हेपवर्थच्या आकाशातून पडणारे हात आठवावेत. हेपवर्थला काँगोची काहीच कल्पना असण्याचे कारण नव्हते, आणि त्याच्या फितीत काँगो शोधणे हा टीकाकाराचा अतिरेक होईल. मेलिएसच्या फितीचे तसे नाही. ती खुद्द लिओपोल्डवर आहे, केसमेंटच्या अहवालानंतर आलेली आहे, तिच्यात टायर आहे, पंप आहे, फुटणारा माणूस आहे. नाही ते फक्त टायर कुठून आले ते. आम्ही यासाठी मेलिएसला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करत नाही. पण मोटारीच्या त्या आरंभकाळी पडद्यावर जे आले त्याच्याइतकेच जे आले नाही तेही वाचले पाहिजे, आणि इथे ते वाचल्यावाचून गत्यंतर नाही.

न आलेले ते चित्र दुसऱ्या एका पडद्यावर आले. १९०४ च्या मे महिन्यात काँगोतील बारिंगा या मिशनच्या ओसरीवर एन्साला नावाचा माणूस एक लहानशी पुडी घेऊन आला. तीत त्याच्या पोटच्या मुलीचा एक हात आणि एक पाऊल होते. मिशनमधील ॲलिस सीली हॅरिस या बाईने त्याला ते समोर ठेवून बसायला सांगितले आणि त्याचे छायाचित्र घेतले. तो कॅमेऱ्याकडे पाहत नाही. कडेने बसून त्या दोन वस्तूंकडे पाहतो. पुढे हॅरिस पतिपत्नींनी अशी छायाचित्रे काचेवर घेऊन जादूच्या दिव्याच्या साहाय्याने गावोगाव व्याख्याने दिली. जादूच्या दिव्याची व्याख्याने हेच तर प्रवासपटाचे पूर्वरूप. सभ्य श्रोत्यांना पिरॅमिड, नायगारा आणि हिमालय दाखविणारे व्याख्याते त्याच दिव्यावर जगत. अमेरिकेतला बर्टन होम्स हा त्यांतला सर्वांत नावाजलेला. ‘ट्रॅव्हलॉग’ हा शब्द त्याच्याच नावाशी जोडलेला आहे. तोच दिवा, तोच अंधार, तसेच तिकीट काढून आलेले लोक, आणि पडद्यावर मुलीचे पाऊल. दूरचे जग घरबसल्या दाखविण्याच्या कलेचा याहून जड उपयोग त्या काळात कुणी केला असेल असे आम्हाला वाटत नाही.

साहित्याने हे पाहिले का? एका लेखकाने तरी पाहिले. ऑक्ताव मिर्बो या फ्रेंच कादंबरीकाराने १९०५ मध्ये आपल्या मोटारीतून बेल्जियम, हॉलंड आणि जर्मनीचा प्रवास केला आणि १९०७ मध्ये त्यावर पुस्तक लिहिले. पुस्तकाचे नाव ‘ला ६२८-ई८’. हा त्याच्या मोटारीचा नोंदणी क्रमांक आहे. प्रवासवर्णनाला नायक असतो तो प्रवासी, ही समजूत त्याने मथळ्यातच मोडून टाकली. इथे नायिका मोटार आहे. वेगाचे वेड, झाडे-घरे-माणसे एकमेकांत मिसळून मागे पळताना होणारी धुंदी, शेतकऱ्यांच्या कोंबड्यांचे आणि शिव्यांचे किस्से, हे सगळे त्यात आहे, आणि लेखक या धुंदीत पुरता सामील आहे. पुस्तक अर्पण केले आहे तेही मोटार बनविणाऱ्या फेर्नां शार्रोंना. आणि याच पुस्तकात, बेल्जियमच्या भागात, ‘तांबडे रबर’ या मथळ्याचा मजकूर येतो. ज्या चाकांवर पुस्तक धावते आहे त्या चाकांत कुणाचे रक्त आहे, ते लेखक सांगतो, आणि पुन्हा मोटारीत बसून पुढच्या गावी जातो. काहींना हा ढोंगीपणा वाटतो. आम्हाला तो प्रामाणिकपणा वाटतो, कारण गाडीतून न उतरताच बोलणाऱ्या माणसाची अडचण त्याने लपविलेली नाही.

मिर्बोचे पुस्तक निघाले त्याच १९०७ साली मराठीत एक प्रवासवर्णन छापले गेले. वरसईच्या विष्णुभट गोडशांचे ‘माझा प्रवास’. यात वाहन जवळजवळ नाहीच. आहेत ते भटजींचे पाय. मथुरेच्या यज्ञाची दक्षिणा मिळेल म्हणून निघालेला हा गरीब भिक्षुक १८५७ च्या वणव्यात सापडतो, झाशीची लुटालूट पाहतो आणि शेवटी गंगेची कावड घेऊन घरी येतो. एकाच वर्षी छापलेली ही दोन पुस्तके वर्गात शेजारी ठेवून वाचावीत, असे आम्ही सुचवतो. गोडशांना जे दिसते ते पायी चालणाऱ्यालाच दिसते, आणि तेवढ्याच वेळात दिसते. पण हेही विसरू नये की १९०७ चे पुस्तक म्हणजे गोडशांचे जसेच्या तसे लेखन नव्हे. चिंतामणराव वैद्यांनी त्यावर बराच संस्कार केला होता. मूळ हस्तलिखित दत्तो वामन पोतदारांनी प्रकाशात आणले ते १९६६ साली. तेव्हा केबल-गाडीला वळसा घालणाऱ्या मोटारी आपल्याकडे नाहीत असे कुणी समजू नये.

गोडशांची ती काशीही पुढे चित्रफितीत आली, तीही दुसऱ्याच नावाने. १८९९ सालची ‘पॅनोरमा ऑफ कलकत्ता’ ही फीत ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या संग्रहात आहे. भारतात घेतलेल्या आणि आज शिल्लक असलेल्या फितींत ती सर्वांत जुनी समजली जाते. लंडनच्या वॉरिक ट्रेडिंग कंपनीने ती विकली. होडीत कॅमेरा, प्रोमिओच्या व्हेनिससारखाच काठ सरकत जातो. पण सरकतात ते कलकत्त्याचे धक्के नव्हेत. पायऱ्या, देवळांची शिखरे, पाण्याशी बसलेले लोक, सगळे काशीचे आहे. लंडनच्या सूचीकाराला दोन्ही नावे सारखीच; गंगा असल्याशी कारण. ग्राहकालाही फरक पडणार नव्हता. आपल्याकडील कुणाही यात्रेकरूला जे एका दृष्टिक्षेपात कळले असते, ते त्या सूचीत चुकीचेच छापले गेले. मुंबईत वॉटसन हॉटेलात ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएरच्या फिती दाखविल्या गेल्या तेव्हा एक रुपया देऊन आपले लोक परदेशची आगगाडी पाहून आले होते. त्या फितींचे नाव-गाव तरी बरोबर होते. आपण पाहिले ते परक्यांचे खरे होते, आणि परक्यांनी आपले म्हणून पाहिले ते भलत्याच शहराचे. इथेही साक्ष दिली ती मथळ्याने नव्हे, पायऱ्यांनी.

पुन्हा मार्केट स्ट्रीटकडे येतो. भूकंपानंतरच्या दिवसांत खासगी मोटारी सरकारी कामासाठी ताब्यात घेतल्या गेल्या. त्यांतून जखमी नेले गेले, सुरुंगाची दारू नेली गेली. ज्या मोटारी श्रीमंतांचा उपद्रव म्हणून बदनाम होत्या त्यांच्याबद्दल शहराचे मत या काही दिवसांत पालटले. केबल-गाड्यांच्या पोलादी दोराची यंत्रणा मोडली होती. त्या रस्त्यावर तिच्या जागी विजेच्या ट्राम आल्या. म्हणजे ज्या वाहनावर कॅमेरा बसला होता ते गेले, आणि ज्या वाहनांना फेऱ्या मारायला लावून गर्दी दाखवावी लागली होती, त्यांची पुढे खरोखरच गर्दी झाली. आज तो रस्ता तसा ओलांडून दाखवावा असे आम्ही कुणाला सुचवणार नाही.

अलीकडे या मूकपटात संगणकाने रंग भरून, चित्र गुळगुळीत करून, त्याला घोड्यांच्या टापांचा आणि मोटारींच्या भोंग्यांचा आवाज जोडून त्याच्या आवृत्त्या फिरू लागल्या आहेत. विद्यार्थ्यांना त्या आवडतात. आम्हीही पाहतो, पण मनात म्हणतो की मोटारींनी आणखी एक फेरी मारली. रंग कुणी ठरवले? त्या बाईचा झगा निळा होता हे यंत्राला कुणी सांगितले? मूळ करड्या फितीतली डबकी मात्र डबकीच होती.

माइल्स बंधूंनी भूकंपानंतर त्याच रस्त्यावरून पुन्हा एकदा कॅमेरा नेला होता. ती फीत हरवली असेच सगळे समजत होते. २०१६ साली सॅन फ्रान्सिस्कोच्या एका जुन्या बाजारात चित्रफितीच्या काही रिळांमध्ये ती सापडली, सुमारे नऊ मिनिटांची. डेव्हिड कीन यांनीच ती ओळखली, आणि २०१८ च्या एप्रिलमध्ये नाइल्स येथे ती लोकांना दाखविण्यात आली. कॅमेऱ्याची वाट तीच, शेवटी फेरी बिल्डिंगचा मनोराही तोच. दोन्ही बाजूंना मात्र भिंतींचे सापळे आहेत. वळसा घालून पुन्हा समोर येणारे यात कुणी नाही.